ब्रँडोच्या गुरूबद्दल खुलासा

परवा मीच ग्रुपवर टाकलेलं की अमेरिकन नट मार्लन ब्रँडोला अ‍ॅक्टिंग ली स्ट्रासबर्ग या नाट्यशिक्षकाने शिकवली, ते चुकीचं आहे, सॉरी. शिकवलं स्टेला अ‍ॅडलरने, ब्रँडोने आत्मचरित्रात स्पष्ट लिहिलंय. बाई न्यूयॉर्कच्या यिडिश (पूर्व युरोपातल्या ज्यूंची भाषा) रंगभूमीवरची, आईवडील दोघंही नट. 1934 ला पॅरिसमधे थेट स्तानिस्लावस्की या रशियन नाट्यदिग्दर्शकाकडे शिकली आणि परत आल्यावर स्ट्रासबर्गशी वाजलं, कारण हिचं म्हणणं, अ‍ॅक्टिंग करताना तो शिकवतो तशी स्वतःची जुनी दुःखं उकरू नका, कल्पनाशक्ती वापरा. 1949 ला स्वतःचा अ‍ॅक्टिंग शिकवायचा स्टुडिओ काढला. तो कोंबड्यांचा किस्सा पण तिच्याच क्लासमधला सांगतात, सगळ्यांना कोंबड्यांची अ‍ॅक्टिंग करायला सांगितलेली, बॉम्ब पडतोय म्हणून सगळ्या कोंबड्या सैरावैरा आणि ब्रँडो निवांत अंडं घालत बसलेला, कोंबडीला बॉम्बचं काय कळतंय! माझी जुनी पोस्ट प्लीज फॉरवर्ड करू नका, केली असेल तर तिथे ही पण टाका.