गेटअपच्या पलीकडचे प्रभावळकर

दिलीप प्रभावळकरांबद्दल कुठेही लिहून आलं की पहिला शब्द असतो ‘बहुरूपी’ आणि सोबत फोटोंचं कोलाज. चेटकीण, चिमणराव, तात्या विंचू, गांधीजी, आबा टिपरे. ते फोटो मलाही आवडतात. पण माझ्या मते त्यांचं सगळ्यात मोठं काम त्या कोलाजमध्ये बसतच नाही, कारण त्यात गेटअप म्हणावा असा नव्हताच. पोस्ट जरा लांबेल, पण सांगायचंच आहे.

माझ्या मावशीचा मुलगा, आमचा दादा, जन्मापासून विशेष. तेव्हा हा शब्द नव्हता. सगळे ‘मतिमंद’ म्हणायचे, तेही दबक्या आवाजात. नव्वदच्या सुमारास जयवंत दळवींचं ‘नातीगोती’ जोरात चालू होतं. मावशी यायला तयार नव्हती. “घरात रोज जे बघतेय त्याला वर तिकीट कशाला काढू?” आईने तिला जवळजवळ ओढतच शिवाजी मंदिरला नेलं. मी शाळेत होते, मागून गेले.

अशाच एका मुलाचे वडील, काटदरे, म्हणजे प्रभावळकर. मुलगा झाला होता अतुल परचुरे. त्या वयात मला अतुलचंच काम दिसलं. येताना लोकलमध्ये मावशी बराच वेळ खिडकीबाहेर बघत होती. मग आईला म्हणाली, “बाप असाच असतो गं. रडत नाही. दमतो.” काका नाटकाला आलेच नव्हते.

पुढे १९९१ मध्ये ‘चौकट राजा’ आला आणि हाच माणूस बापाच्या जागेवरून उठून मुलाच्या जागी जाऊन बसला. नंदू. आईच्या भूमिकेत सुलभा देशपांडे. मावशीला धास्ती होती की थिएटरात लोक हसतील. लोक हसले. पण नंदूला नाही हसले, नंदूबरोबर हसले. तिचा खांद्यावरचा पदर घट्ट धरलेला हात हळूहळू सैल पडला, हे मी शेजारी बसून पाहिलंय. अडखळतं बोलणं, तिरकी मान हे कुठलाही बरा नकलाकार करून दाखवेल. पण नंदूलाही राग येतो, हट्ट असतो, आपलं कुणीतरी हवं असतं. ते दाखवायला आधी त्या माणसाची किंमत वाटावी लागते.

माझं म्हणणं एवढंच आहे की प्रभावळकरांच्या सगळ्या रूपांच्या मुळाशी हेच आहे. रत्नाकर मतकरींच्या ‘अलबत्या गलबत्या’मधल्या चेटकिणीपासून ते आजपर्यंत. ‘हसवाफसवी’ त्यांनी स्वतः लिहिलं आणि त्यात सहा भूमिका केल्या. विंगेत काही क्षणांत बदलले जाणारे कपडे, विग यांचं कौतुक होतं आणि व्हायलाच हवं, ती कसरत सोपी नाही. पण मला आठवतात ते कृष्णराव हेरंबकर, थकलेले जुने संगीत नट. त्यांच्यात चेष्टेला भरपूर जागा होती. आपल्याकडे म्हाताऱ्या गायक नटाची टिंगल हा हमखास हशा. इथे मात्र हसता हसता अचानक घशात काहीतरी अडकायचं. आयुष्यभर टाळ्या ऐकलेल्या माणसाचं म्हातारपण समोर बसलेलं असायचं.

मग ‘विनोदी नट’ हा शिक्का कुठून आला? दूरदर्शनवरच्या चिमणरावांमुळे असेल. चि. वि. जोश्यांचा तो भित्रा, भाबडा माणूस लोकांनी इतका आपला मानला की तेवढ्यावर जन्म काढता आला असता. त्यांनी तसं केलं नाही. ‘साळसूद’मध्ये वरून सभ्य दिसणारा खलनायक केला, ‘एन्काउंटर: द किलिंग’मध्ये गुन्हेगारी टोळीचा म्होरक्या पुनाप्पा. ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ मालिकेतल्या आबा टिपरेंच्या बाबतीत तर लिहिणाराही तोच, ती मालिका ज्यावर बेतली ते ‘अनुदिनी’ हे लेखन त्यांचंच. मला वाटतं, लेखकाचा कान असल्यामुळेच हे जमतं. माणूस वाक्य कुठे अर्धवट सोडतो हे त्यांना ठाऊक असतं.

‘लगे रहो मुन्नाभाई’ आणि ‘शेवरी’ मिळून २००६ साठीचा सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाला. उशिरा मिळाला, हे माझं स्पष्ट मत. आणि देशाने त्यांना गांधीजींमुळे ओळखलं, तरी ‘चौकट राजा’ मराठीबाहेर फार कुणी पाहिला नाही याची मला अजून चुटपुट लागते. तुमच्या घरात कुणी अमराठी असेल तर शेजारी बसून, अर्थ सांगत दाखवा.

गेल्या वर्षी, २०२५ मध्ये, अनंत चतुर्दशीनंतर ‘दशावतार’ लागला. मावशी आता ऐंशीच्या घरात, काका नाहीत, दादाही नाही. तिला हाताला धरून नेलं. तळकोकणातला नजर अधू होत चाललेला म्हातारा दशावतारी, बाबुली मेस्त्री. ही भूमिका केली तेव्हा प्रभावळकरांनीही ऐंशी गाठली होती.

मध्यंतरात मावशीने विचारलं, “हा कुणी खराच तिथला दशावतारी घेतलाय का गं?”

“अगं मावशी, ‘नातीगोती’तले काटदरे.”

ती गप्प झाली. हातातला पॉपकॉर्नचा पुडा तसाच माझ्याकडे दिला. दिवे मालवता मालवता हळूच म्हणाली, “त्यांची तब्येत बरी असते ना?”