नागपूरच्या रक्ताचा हिशेब खेड्यांनी ठेवावा

नागपूरचा रक्तरंजित इतिहास म्हटला की लोक दोन गोष्टी सांगतात. एक सीताबर्डीची लढाई. दुसरी 13 ऑगस्ट 2004 ची, कस्तुरबा नगरच्या बायांनी वस्तीला छळणाऱ्या अक्कू यादव या गुंडाला थेट न्यायालयात संपवलं ती. त्या वस्तीने वर्षानुवर्षं सोसलं, पोलिसांकडे गेलेल्यांचं कुणी ऐकलं नाही, म्हणून ती गोष्ट सांगितलीच पाहिजे. पण याच शहरात 23 नोव्हेंबर 1994 ला गोवारी समाजाच्या मोर्चात 114 माणसं चेंगरून मेली. त्यात बहुतेक बाया आणि लेकरं. ती सगळी आमच्यासारख्या खेड्यांतून गेलेली. आज दहावीतल्या पोरांना विचारलं तर शंभरातल्या पाचांनाही ही तारीख सांगता येणार नाही, असं मी शिक्षक म्हणून खात्रीने म्हणतो.

मोठ्या शहराचा इतिहास शहरातली माणसं लिहितात. त्यात राजवाडे येतात, किल्ले येतात, कोण जिंकलं ते येतं. मेलेला माणूस कुठून आला होता, हे कुणी विचारत नाही.

1817 चंच घ्या. फेब्रुवारीत नागपूरचे राजे परसोजी भोसले राजवाड्यात मृतावस्थेत सापडले. त्यांचे चुलतभाऊ अप्पासाहेब यांच्या सांगण्यावरून त्यांचा गळा दाबला गेला, हे नंतर बाहेर आलं. त्याच वर्षी 26 आणि 27 नोव्हेंबरला सीताबर्डीच्या टेकडीवर लढाई पेटली. भोसल्यांच्या बाजूने अरब शिपाई, इंग्रजांच्या बाजूने मद्रासी पलटणी. गादी नागपूरची, कंपनी विलायतेची, आणि टेकडीवर पडले ते पोटासाठी परमुलखातून आलेले. आज आपण किल्ला बघतो, तो त्या लढाईनंतर इंग्रजांनी बांधला. 1857 मध्ये नागपूरजवळच्या टाकळीच्या घोडदळातला इंग्रजांविरुद्धचा कट फुटला आणि पकडलेल्यांना फासावर चढवलं गेलं. 15 ऑगस्टला किल्ला बघायला जाणाऱ्यांपैकी कितीजणांना हे माहीत असतं?

1942 मध्ये तर शहर आणि खेडं एकाच दोरीला बांधले गेले. नागपुरात गोळीबार झाला, त्याची आठवण गोलीबार चौकाच्या नावात राहिली. 16 ऑगस्टला, नागपंचमीच्या दिवशी, विदर्भातली चिमूर आणि आष्टी ही गावं पेटली. गोळीबारात गावकरी मेले, जमावाने सरकारी माणसं मारली. पुढे चिमुरात पलटण आली आणि बायांवर जे अत्याचार झाले, त्यांच्या चौकशीसाठी गांधीजींचे अनुयायी प्राध्यापक भन्साळींना उपोषणाला बसावं लागलं. जानेवारी 1943 मध्ये नागपूरच्या तुरुंगात शंकर महाले या कोवळ्या पोराला फाशी दिली. ऑगस्ट क्रांती म्हटलं की आमच्या पोरांना मुंबईचं गवालिया टँक आठवतं. आष्टी मात्र नकाशात शोधावी लागते, आणि ही पोरं विदर्भातली आहेत!

आता गोवारींकडे येतो, कारण माझा जीव तिथे अडकला आहे.

शहरातल्या वाचकांसाठी सांगतो. पूर्व विदर्भात गावची गुरं राखण्याचं काम पिढ्यान् पिढ्या गोवारी समाजाकडे आहे. सकाळी आखरावर गुरं गोळा करायची, रानात न्यायची, सांजेला आणून सोडायची. दिवाळीत गायगोधनाला त्यांच्या ढाली निघतात, तेव्हा आखं गाव मागे असतं. वर्षभर मात्र या माणसाला गावात ना शेत, ना शब्द. केंद्राच्या अनुसूचित जमातींच्या यादीत 'गोंड गोवारी' अशी नोंद आहे. ते आम्हीच, आम्हाला सवलती द्या, एवढीच गोवारींची मागणी. ती घेऊन हजारो लोक हिवाळी अधिवेशनावर गेले. भाकरी बांधून, लेकरं कडेवर घेऊन. घरी कुणाच्या भरवशावर ठेवणार?

मॉरिस कॉलेजच्या टी पॉइंटवर मोर्चा अडवला. निवेदन घ्यायला मंत्री येतील म्हणून लोक दिवसभर बसून राहिले. आमच्या शेजारच्या गावातली एक म्हातारी त्या मोर्चात होती. तिने मला सांगितलं होतं, "साहेब येईन म्हणे, कागद घेईन म्हणे. बसलो." कुणी आलं नाही. संध्याकाळी गर्दी हलली, पोलिसांच्या लाठ्या उठल्या, आणि पुढे कठडे, मागे माणसं, मधल्यांना जायला जागाच उरली नाही. ज्या बायांनी आयुष्यात कधी एवढं मोठं शहर पाहिलं नव्हतं, त्या त्याच्या डांबरी रस्त्यावर एकमेकींखाली गुदमरल्या. विधान भवन तिथून हाकेच्या अंतरावर.

आदिवासी विकास मंत्री मधुकरराव पिचड यांनी राजीनामा दिला. न्यायमूर्ती दाणी आयोग बसला, आणि त्याने कुणालाच दोषी धरलं नाही. 114 जीव गेले आणि दोषी कुणीच नाही, हे मला आजही गिळता येत नाही. पुढे विशेष मागास प्रवर्गात आरक्षण मिळालं. 14 ऑगस्ट 2018 ला उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने गोवारींच्या बाजूने निकाल दिला. 18 डिसेंबर 2020 ला सर्वोच्च न्यायालयाने तो फिरवला. अनुसूचित जमातीच्या ज्या दाखल्यासाठी माणसं मेली, तो अजून मिळालेला नाही. झिरो माईलजवळ स्मारक मात्र झालं, सीताबर्डीच्या उड्डाणपुलाला आदिवासी गोवारी शहिदांचं नाव दिलं. त्या पुलावरून रोज जाणाऱ्या माझ्या नागपूरकर मित्रांना शहीद म्हणजे सीमेवरचे जवान वाटत होते.

यावर काहीजण म्हणतील, गुरुजी, खेड्यांना एवढं डोक्यावर घेऊ नका. नाही घेत. 29 सप्टेंबर 2006 ला खैरलांजीत भोतमांगे या दलित कुटुंबातल्या चौघांना गावानेच मारलं. ते आमच्या भंडारा जिल्ह्यात घडलं, आणि त्याची मान खाली घालावी अशी लाज मला आहे. खैरलांजीसुद्धा वर्गात सांगितलीच पाहिजे, आणि मी सांगतो. पालकांपैकी कुणी नाराज होतं, कुणी पोराला विचारतं, "हे काय शिकवतात तुम्हाला?" होऊ देत. चौदा वर्षांच्या पोराला मोबाइलवर कुठलीही मारामारी बघता येते. मग आपल्याच मुलखात कुणी कुणाला का मारलं आणि पुढे काय झालं, हे त्याने शिक्षकाकडून का ऐकू नये?

म्हणून माझं ठाम म्हणणं आहे. आपल्या शाळांच्या सहली नागपूरला जातात. रामन विज्ञान केंद्र बघा, महाराजबाग बघा, दीक्षाभूमीवर तर जाच. पण अर्धा तास झिरो माईलला गाडी थांबवा आणि गोवारी स्मारकासमोर मुलांना उभं करून सांगा की हे कोण होते, कशासाठी आले होते, आणि निवेदन घ्यायला कुणी का आलं नाही. नुसतं वाकून पुढे जाऊ नका. मुलांना प्रश्न विचारू द्या. वर्गात गोवारी घरचं लेकरू असेल तर त्याच्या घरच्यांशी आधी बोलून घ्या. त्यांना सोबत यायचं असेल तर गाडीत जागा ठेवा.

आमच्या सहलीच्या यादीत हे ठिकाण मी यंदा लिहून दिलं आहे. भंडारा, गोंदिया, गडचिरोली, चंद्रपूरकडच्या शिक्षक मित्रांनो, तुम्हीही लिहा. आणि ज्यांच्या घरचं कुणी त्या दिवशी मोर्चात होतं, त्यांनी आपल्या गावच्या शाळेत जाऊन एक तास मुलांशी बोलावं. मुख्याध्यापक नाही म्हणाले तर मला कळवा, मी येऊन त्यांच्याशी बोलतो.