कोल्ड्रिंक सोडणाऱ्यांसाठी काही हिताच्या गोष्टी

कोल्ड्रिंक सोडायचं म्हणजे आधी मुहूर्त बघायला हवा. गुढीपाडवा साडेतीन मुहूर्तांपैकी एक असला तरी या कामाला तो अजिबात चालत नाही. त्याच्या पाठोपाठ चैत्र-वैशाखाचं ऊन असतं, लग्नसराई असते आणि भर दुपारी लक्ष्मी रोडला पार्किंग शोधणं असतं. दिवाळीत घरी पाहुणे. एकतीस डिसेंबरला तर विचारूच नका. त्या रात्रीचं कोल्ड्रिंक दुसऱ्या कशात तरी घालायला आणलेलं असतं, त्यामुळे ते मोजायचं की नाही यावर मतभेद आहेत. सर्वोत्तम मुहूर्त आषाढी एकादशीचा. बाहेर रिपरिप, सिंहगडावर धुकं, हातात गरम भजी. अशा हवेत गार बाटलीची आठवण तरी कुणाला येते? चातुर्मासभर कडक पाळायचं, कार्तिकीला नियम संपवायचा, पुढे थंडी आहेच. आपल्या पणज्या काशीला जाऊन एखादा पदार्थ कायमचा सोडून यायच्या आणि तो पदार्थ बहुतेक वेळा पडवळ निघायचा. ही परंपरा मोडू नका.

मुहूर्त ठरला की घोषणा. सोसायटीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर, पण 'शुभ सकाळ'ची लाट ओसरल्यावर. नुसतं 'सोडलं' म्हणू नका, सोबत आकडा टाका: २५० मिलिलिटरच्या बाटलीत साधारण २५ ग्रॅम साखर असते आणि जागतिक आरोग्य संघटना २०१५ पासून सांगते आहे की वरून घातलेली साखर दिवसभरात जेमतेम तेवढ्यावर ठेवलीत तर उत्तम. म्हणजे एका बाटलीत दिवस संपला, चहा अजून व्हायचाय. यावर पलीकडच्या विंगमधले काका लगेच दीक्षित डाएट काढतील: दिवसातून दोनदाच जेवायचं, प्रत्येक वेळी पंचावन्न मिनिटांत. मग त्या पंचावन्न मिनिटांत बाटली बसते का, यावर ग्रुपमध्ये दोन तट पडतील आणि तुमचं सोडणं बाजूला राहील. राहू द्या. घोषणा झाली, म्हणजे निम्मं काम झालं. उरलेलं निम्मं केलंच पाहिजे असं कुणी विचारत नाही.

आता मुख्य प्रश्न घरातल्या बाटलीचा. सव्वादोन लिटरची, फ्रीजच्या दारात तिरकी उभी असते ती. काहीही झालं तरी ती आणणं थांबवू नका. थांबवलंत तर पुढच्या वेळी तलफ आली की कपडे बदला, जिना उतरा, दुकानापर्यंत चाला असं होतं, आणि दुकान पुण्यातलं असल्यामुळे ते उघडं असेलच असं नाही. एवढे कष्ट सहसा कुणी घेत नाही आणि सवय आपोआप सुटते. हा धोका वेळीच ओळखा. मोठी बाटली आणण्यामागे आपला हिशेबही पक्का असतो: लहान बाटलीपेक्षा दर मिलिलिटरला स्वस्त. शंभर मिलिलिटरला सुमारे १० ग्रॅम धरले तर त्या बाटलीत पाव किलोला जरा कमी साखर बसते. वाण्याकडून पाव किलो साखर आणून रविवारी जेवणानंतर चौघांनी चमच्याने संपवली, असं कुणी सांगितलं तर आपण त्या घराशी सोयरीक करणार नाही. लेबलवर मात्र शंभर मिलिलिटरचा आकडा मोठा आणि ठळक. आजवर कुणी शंभर मिलिलिटर कोल्ड्रिंक पिऊन ग्लास खाली ठेवल्याचं ऐकिवात नाही.

बाटली फोडल्यावर तिचं पोट दाबून, हवा काढून, मग टोपण आवळणारा एक जाणता माणूस प्रत्येक घरात असतो. गॅस टिकावा म्हणून तो हे करतो. प्रत्यक्षात दाबलेली बाटली हळूहळू पुन्हा फुगू बघते आणि ती जागा भरायला पेयातलाच गॅस बाहेर येतो. म्हणजे नुसतं टोपण लावलं असतं तरी बरं झालं असतं. हे त्या माणसाला सांगू नका, बहुधा ते तुमचे सासरे असतील. सांगायचं वेगळंच आहे. या बाटलीत तळाला उरलेलं, गॅस गेलेलं पेय चुकूनही स्टीलच्या वाटीत ओतून, तासभर बाहेर ठेवून, चव घेऊन बघू नका. गारवा, गॅस आणि फॉस्फोरिक आम्लाचा आंबटपणा हे तिघं मिळून इतके दिवस साखरेवर पांघरूण घालत होते. तिघंही उठून गेल्यावर वाटीत जे उरतं ते पातळ काकवीसारखं लागतं, जिभेला चिकटतं आणि दुसरा घोट जात नाही. ज्यांना मनापासून कोल्ड्रिंक सोडायचं नाही त्यांनी हा प्रयोग कटाक्षाने टाळावा.

नातेवाईकांकडे गेल्यावर काय करायचं? मावशी ट्रे घेऊन येतात.

"घे रे, तुझ्यासाठी मुद्दाम आणलंय."

"सोडलंय मावशी."

"अगंबाई! शुगर निघाली का?"

आपल्याकडे गोड सोडायला दोनच कारणं मान्य आहेत, डॉक्टर नाही तर देव. मधल्यामध्ये स्वतःच्या मनाने सोडलं असं म्हणालात तर मावशींना तुम्ही काहीतरी लपवताय असं वाटतं. संध्याकाळपर्यंत औंध ते हडपसर सगळ्या आप्तांना तुमची शुगर कळलेली असते. एक काका कारल्याचा रस सुचवतात, दुसरे रात्री भिजवलेल्या मेथ्या. तेव्हा सरळ 'उपास आहे' म्हणा. मावशी म्हणतील, "बरं झालं सांगितलंस, मग लिंबू सरबत करते." त्यात चार चमचे साखर पडेल, ती ढवळलेली तुम्हाला ऐकू येईल, वर "अजून हवी का रे?" असंही विचारतील. हे निमूटपणे प्या. व्रत अभंग राहतं. लिंबाला व्रतात मज्जाव नाही.

सोडल्यावर दुसऱ्या दिवशी डोकं ठणकू लागलं तर घाबरू नका. कोलात कॅफिन असतं. रोज पिणाऱ्याने एकदम बंद केलं की बारा ते चोवीस तासांत डोकेदुखी सुरू होऊ शकते आणि काही दिवसांत जाते. पण काही दिवस वाट कोण बघणार? कोपऱ्यावरच्या अमृततुल्यात जा. पितळेच्या पातेल्यात दूध, साखर, वेलदोडा असं सगळं एकत्रच उकळत असल्यामुळे साखर वेगळी मोजता येत नाही, आणि मोजता येत नाही ती लागत नाही. सकाळी एक, अकराला एक हाफ, चारला एक, साडेपाचला मित्र आला म्हणून आणखी एक. डोकं थांबेल.

कुणी म्हणेल, हे काय सोडणं झालं? त्याला इतिहास सांगा. १९७७ मध्ये अख्ख्या देशाने कोका-कोला सोडला होता. मनाने नव्हे, परकीय चलन कायद्याप्रमाणे कंपनीने आपली भागीदारी कमी करावी असा आग्रह होता, ते तिला मान्य नव्हतं, आणि जॉर्ज फर्नांडिस उद्योगमंत्री असताना ती गाशा गुंडाळून गेली. साठ कोटींच्या वर माणसं एका झटक्यात कोकमुक्त. जगात एवढं मोठं व्यसनमुक्ती शिबिर क्वचितच झालं असेल. मग देशाने काय केलं? त्याच वर्षी पार्लेचं थम्स अप आलं. सरकारनेही मागे राहू नये म्हणून स्वतःचा कोला काढला आणि त्या क्रांतिकारक सालाच्या नावाने त्याला 'डबल सेव्हन' म्हटलं. ज्या सरकारने बाटली घालवली त्यानेच दुसरी आणून हातात दिली! पुढे १९९३ मध्ये कोका-कोला परत आली आणि थम्स अपच विकत घेऊन बसली. सोळा वर्षं सोडून राष्ट्राने कमावलं काय, तर फ्रीजमध्ये एकाच्या जागी दोन बाटल्या. तुम्ही-आम्ही याहून वेगळं काय करणार?

म्हणून बाटली सोडताना पर्यायांची तयारी आधी ठेवा. उसाचा रस: बर्फ न घालता घेतलात तर साखर कोल्ड्रिंकपेक्षा जास्तच, पण चरकाला घुंगरं बांधलेली असतात आणि भिंतीवर नाथांचा फोटो असतो, तेव्हा शंका घेणं बरं दिसत नाही. मस्तानी: दुधाची, शिवाय वर आइसक्रीमचा गोळा, म्हणजे पोषणच. कॅम्पातल्या अर्देशीरचा रास्पबेरी सोडा तर १८८४ पासूनचा आहे. पुण्यात शंभर वर्षांहून जुनी झालेली गोष्ट पेय राहत नाही, वारसा होते, आणि वारसा पिण्याला कुठल्याही आहारतज्ज्ञाची हरकत नसावी. गोटी सोडा त्याच न्यायाने सुटतो. ती गोटीची बाटली १८७२ च्या इंग्रजी पेटंटची आहे. 'झिरो' लिहिलेल्या काळ्या डब्याबद्दल मात्र जपून. वजन घटवायला अशा बिनसाखरेच्या गोडीवर विसंबू नका, असं जागतिक आरोग्य संघटनेने २०२३ मध्ये सांगून ठेवलंय. शिवाय त्यात साखरच नसल्याने सोडण्याचा आनंदही मिळत नाही.

इतकं करूनही मन खात असेल तर सार्वजनिक हिताचा विचार करा. या पेयांवर आधी २८ टक्के जीएसटी आणि वर १२ टक्के सेस होता. सप्टेंबर २०२५ पासून सेस गेला आणि जीएसटीच सरळ ४० टक्के झाला. एवढा कर भरणाऱ्या माणसाला खरं तर सत्कार करून नारळ द्यायला हवा. आणि उसाचं काय? शिवाजीनगरला साखर संकुल, मांजरीला वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूट, जिल्ह्यात कारखाने. अशा शहरात राहून साखर सोडणार म्हणता, निदान ते वाक्य तरी हळू आवाजात म्हणा. गाळप हंगाम चालू असतो.

घरातल्या चौथीतल्या मुलीपासून मात्र सावध राहा. सीबीएसईने २०२५ मध्ये शाळांना 'शुगर बोर्ड' लावायला सांगितलं, कशात किती साखर असते ते मुलांना भिंतीवर दिसावं म्हणून. तुमची मुलगी तो फळा पाठ करून येते. पाहुण्यांसमोर ती तुमच्या ग्लासाकडे बघत, मधल्या सुट्टीतल्या आवाजात, चमचे मोजू लागते. तिला गप्प करण्याचा एकच उपाय आहे, तिलाही अर्धा ग्लास द्यायचा. तो उपाय करताना हात जरा अडखळला, तर लेखाचा वरचा सगळा भाग पुन्हा वाचा.

आणि एवढी काळजी घेऊनही कधी घात होतोच. बिर्याणी समोर आलेली असते, वेटर विचारतो, "कोल्ड्रिंक काय देऊ?" आणि तुमच्या तोंडून न ठरवता निघून जातं, "नको, पाणी." हरकत नाही. तो लगेच विचारेल, "बिसलेरी ना?" निःशंक मनाने हो म्हणा. थम्स अप कोका-कोलाला विकणाऱ्या रमेश चौहानांचीच ती बिसलेरी. 'साधं पाणी' मात्र मागू नका. ते मागितलंत तर जग येईपर्यंत बिर्याणी गार होईल, आणि तिखट लागल्यावर शेजारच्या टेबलावरची थम्स अपची बाटली फार जवळ दिसायला लागेल.