साखर तरी भारतीय असेलच ना?

काकडी, कांदा, व्हिनेगर, साखर, मीठ आणि वरून चिरलेला शेपू. एवढ्यात तिखटाला जागा कुठं आहे, ते मला कुणीतरी दाखवून द्यावं. यात काही जण मिरपूड घालतात. मी तीही घातली नव्हती, उगाच कुणी काही बोलायला नको म्हणून. शनिवारपासून हे सगळं मी नवऱ्याला ऐकवतेय आणि तो दर वेळी "सोड ना आता" म्हणतो. त्याला काय जातंय सोड म्हणायला. तो त्या वेळी मस्त कोळशापाशी उभा होता.

तर, गल्लीचं बार्बेक्यू. नेदरलँड्समधल्या आमच्या ॲमस्टलवेनमध्ये आपली माणसं भरपूर आहेत, पण आमच्या गल्लीत आमचं एकच घर. कुणी काय आणायचं याची यादी ग्रुपवर फिरली, तेव्हा माझ्या नावापुढं कुणीतरी प्रेमानं आधीच ‘समोसे’ लिहून ठेवलं होतं. मी सांगलीची. आमच्याकडं समोसा हा स्टँडवरून कागदात बांधून आणायचा पदार्थ आहे, घरात कोण तळत बसतंय. मी ते खोडलं आणि लिहिलं, ‘कोमकॉमरसालादे’. म्हणजे काकडीचं सॅलड. अस्सल डच, आजीच्या हातचं वगैरे.

करायला काही नाही त्यात. दोन काकड्या घ्यायच्या. इथली काकडी प्लॅस्टिकच्या घट्ट अंगरख्यात येते, नगावर विकतात, आणि इतकी सरळ की संशय यावा. पहिल्या प्रतीच्या काकडीला दर १० सेंटिमीटरला १० मिलिमीटरहून जास्त बाक चालणार नाही, असा युरोपात १९८८ पासून चक्क नियम होता. २००९ मध्ये तो रद्द झाला, पण इथल्या वेस्टलँड भागातल्या काचघरांतल्या काकड्यांना कुणी कळवलेलं दिसत नाही. ती कडूही नसते. तरी मी टोक कापते आणि कापलेल्या तुकड्यानं घासत बसते, पांढरा फेस कडेनं येईपर्यंत. लेक म्हणते, "आई, ही डच काकडी आहे." असेना. माझ्या आईनं घासली, आजीनं घासली, मी घासणार.

मग चकत्या. त्या इतक्या पातळ हव्यात की पलीकडचं दिसलं पाहिजे. त्यासाठी इथं प्रत्येक घरात चीज कापायचं ते मध्ये फट असलेलं उलथनं असतं, तेच काकडीवर ओढायचं. हे उलथनं म्हणजे अगदी डच संसाराची खूण. प्रत्यक्षात ते १९२५ मध्ये थोर ब्यॉर्कलुंड नावाच्या नॉर्वेच्या सुतारानं काढलं. त्या उलथन्याला कुणी विचारत नाही, बाबा रे, तू मूळचा कुठला.

चकत्यांना मीठ लावून अर्धा तास ठेवायचं, पिळायचं. ते पाणी मी थालीपिठाच्या पिठात वळवलं, टाकवत नाही. मग एका काकडीला तीन चमचे व्हिनेगर, एक चमचा साखर, कांद्याच्या कागदासारख्या चकत्या, आणि शेपू. एवढ्यात सासूबाईंचा व्हिडिओ कॉल.

"कोशिंबीर का गं? कूट कुठाय?"

"कूट नाही घालत यात, आई."

"बरं. फोडणी?"

"नाही."

"मिरची? दही?"

"नाही हो."

स्क्रीनवर बराच वेळ नुसतं छत दिसत राहिलं. मग आवाज आला, "कोण आजारी आहे का?" आणि तेवढ्यात त्यांना शेपू दिसला. कच्चा शेपू, साखरेत. त्यांनी फोन सासऱ्यांकडं दिला.

हे मी एवढ्यासाठी सांगतेय की माझ्या घराण्यानं त्या सॅलडशी काहीही संबंध नसल्याचं आधीच जाहीर केलं होतं. साक्षीदार आहेत.

संध्याकाळी वाडगा टेबलावर ठेवला. इथं संध्याकाळ म्हणजे साडेपाच, ऊन डोक्यावर असताना रात्रीचं जेवण. कोपऱ्यावरच्या घरातले काका सगळ्यात आधी आले. निवृत्त गृहस्थ, सहा फुटांच्या वर, पाऊस असो थंडी असो, अर्ध्या चड्डीत. वाकून त्यांनी वाडग्याचा वास घेतला.

"तिखट आहे?"

"नाही. हे तुमचंच काकडीचं सॅलड आहे."

"हो हो. पण किती तिखट?"

"काकडी, कांदा, व्हिनेगर, साखर, मीठ, शेपू," मी बोटांवर मोजत सांगितलं.

"आणि?"

"आणि काही नाही."

काकांनी डोळा मारला. "सांगायचं नसेल तर राहू दे. घराण्याचं गुपित असतं, मला कल्पना आहे."

मग त्यांनी एक चकती घेतली. एक. तिचेही काट्यानं दोन भाग केले, अर्धा तोंडात घातला आणि डोळे मिटून उभे राहिले. चेहरा लाल झाला. तो उन्हानं आधीच लाल होता, पण काकांनी ते माझ्या खात्यावर मांडलं. "हा!" ते म्हणाले. "मागाहून चढतं!" आणि बिअरची अर्धी बाटली रिकामी करून त्यांनी बायकोला हाक मारली, "ये गं, चाखून बघ. पण जपून."

काकू आल्या. काकू तयार होत्या. त्या एकदा गोव्याला जाऊन आलेल्या आहेत, आणि गोव्यात त्यांनी नेमकं हेच खाल्लं होतं म्हणे, बीचवर. गोव्यात शेपू-साखरेची काकडी कोण वाढतं ते देव जाणे.

"ही हिरवी पानं कसली?"

"शेपू. तुम्ही सॅल्मनवर घालता तोच."

"भारतीय शेपू?"

"कोपऱ्यावरच्या सुपरमार्केटमधला."

काका समजुतीनं मान हलवत होते. "साखर तरी भारतीय असेलच ना?"

आता मी साखर कारखान्याच्या गावची पोर. उसाच्या ट्रॅक्टरमागं धावून ऊस ओढण्यात लहानपण गेलं. आमच्या साखरेचा अपमान मी सहन करीन, पण खोटा मान नाही. म्हटलं, "नाही काका, ही तुमच्या बीटाची. आमच्याकडं उसाची असते."

"बघ," ते बायकोला म्हणाले, "म्हणूनच चव वेगळी लागते."

आणि हे बोलत असताना त्यांच्या हातातल्या ताटलीत काय होतं? साते, म्हणजे काडीला खोचून भाजलेले मांसाचे तुकडे. त्यावर शेंगदाण्याचा सॉस. आणि बाजूला सांबल, लाल मिरचीचा तो जळजळीत ठेचा, जो ते चमच्यानं, नुसता, बोलता बोलता खात होते. घाम नाही की हाय नाही. इंडोनेशियावर शेकडो वर्षं बसून आणलेली मिरची गल्लीची झाली. पलीकडं करी पावडर घातलेलं पिवळंधमक चिकन सॅलड होतं, त्यालाही कुणी ‘कुठलं गं तू’ विचारलं नाही. परकी होती ती एकटी काकडी, कारण ती मी कापली होती.

तशी या काकडीला खोट्या आरोपांची सवय आहे. २०११ च्या मे महिन्यात जर्मनीत जंतुसंसर्गाची मोठी साथ आली, पन्नासावर माणसं दगावली, आणि सुरुवातीला खापर फुटलं स्पेनच्या काकडीवर. इथल्या शेतकऱ्यांनाही टनांनी काकडी फेकून द्यावी लागली. शेवटी सापडली कोण? मोड आलेली मेथी, इजिप्तहून आलेल्या बियांची. काकडी निर्दोष सुटली, पण तिची कुणी माफी मागितल्याचं ऐकिवात नाही.

हसते मी यावर. हसायलाच लागतं. पण खरं सांगू, मी इथली नागरिकत्वाची परीक्षा दिलीय. भाषेचे पेपर दिलेत, वाढदिवसाला गोलात मांडलेल्या खुर्च्यांवरच्या प्रत्येकाला, म्हणजे अगदी मेहुण्यालासुद्धा, अभिनंदन कसं करायचं ते शिकलेय, केकचा एकच तुकडा घेऊन पोट भरल्याचं सोंग करते, कर भरते, कचरा वेगवेगळा करते. लेक त्यांच्याहून शुद्ध डच बोलते आणि तिलाही दर उन्हाळ्यात कुणीतरी "पण मूळची कुठली?" विचारतंच. ती म्हणते, "घर नंबर बावीस." तिला जमतं. मला नाही जमत, मी सविस्तर उत्तर देते, नकाशासकट.

वाडगा चाटूनपुसून रिकामा झाला, हे मात्र मान्य करायला हवं. भारतीय म्हणून झाला. शेजारच्या टेबलावर एका बाईंनी आणलेलं, हेच, क्रीम घातलेलं काकडीचं सॅलड अर्धं तसंच परत गेलं, आणि त्या माझ्याकडं अशा बघत होत्या की मीच काही केलंय.

निघताना काकूंनी गाठलं. हातात मोबाईल, टिपून घ्यायला तयार. मी पुन्हा पहिल्यापासून सगळं सांगितलं. त्यांनी एकही शब्द लिहिला नाही. माझ्या दंडावर हात ठेवून हळूच म्हणाल्या, "ते झालं. पण खरं काय घालतेस?"

मी इकडंतिकडं पाहिलं. नवरा लांब होता.

"हिंग," मी म्हटलं.

"हिंग!" त्यांनी तिथल्या तिथं लिहून घेतलं. कसं लिहायचं, कुठल्या दुकानात मिळतो, डबी कशी दिसते, सगळं. मागून काकांचा आवाज आला, "मी म्हणालो नव्हतो?"

आज सकाळी काकूंचा मेसेज आलाय. डबी उघडल्यापासून पडद्यांनासुद्धा वास येतोय, तो जातो का, आणि एका काकडीला दोन मोठे चमचे बरोबर आहेत का.

मी वाचलाय. निळ्या खुणाही त्यांना दिसल्या असतील. बघू, संध्याकाळी उत्तर देईन.