सात अक्षरांचा टॅग आणि बाबांची कॅसेट

परवा भाचा घरी आला, त्याच्या फोनवर एक टॅग दिसला, टीएमएमएसओटीआय. म्हटलं ही कुठली परीक्षा रे भिया? तर म्हणे, मामा, द मोस्ट मिस्टीरियस साँग ऑन द इंटरनेट!

झालं असं की १९८४च्या सुमारास जर्मनीत एका पोराने एनडीआर रेडिओवरून एक गाणं टेप केलं, गायलंय कोणी ते लिहिलंच नाही. २००७ला त्याच्या बहिणीने तुकडा नेटवर टाकला, कोणी ओळखेना. २०१९पासून तर जगभरातली रिकामटेकडी पोरं (आमचा भाचा धरून) मागे लागली, कोणी म्हणे शब्द 'लाइक द विंड' आहेत, कोणी म्हणे 'ब्लाइंड द विंड'. शेवटी नोव्हेंबर २०२४मध्ये एकाने जुनी वर्तमानपत्रं चाळून त्या भागातले बँड हुडकले आणि सापडलं, कील शहरातला फेक्स नावाचा बँड, गाणं 'सबवेज ऑफ युअर माइंड'. रेकॉर्ड कधी निघालीच नव्हती तर गाणी ओळखणाऱ्या ॲपला काय डोंबल कळणार! आणि त्या बँडवाल्यांना पत्ताच नाही की आपल्याला एवढे लोक शोधतायत.

आता काही जण म्हणतात सापडलं आणि मजा गेली. मला नाही पटत. तुमची मजा ठीक आहे हो, पण ज्याने गायलं त्याचं नाव चाळीस वर्षं गायब होतं त्याचं काय?

आणि नाव गेलं कशामुळे, तर तो पोरगा रेकॉर्डिंग स्वच्छ यावं म्हणून निवेदकाचं बोलणं टेपच करायचा नाही. हे ऐकलं आणि मी हसतच सुटलो, कारण आमचे बाबा डिट्टो! मालवा हाउसवरून, म्हणजे आपल्या इंदूर आकाशवाणीवरून, सुगम संगीत लागलं की टू-इन-वनला चिकटून बसायचे, बोट पॉजवर, बाई बोलायला लागली की टक. आई म्हणायची, अहो एवढं गोड बोलते, तिला कशाला कापता? तर म्हणे ती गाण्यात येते.

काल त्यांची 'चांगली – ३' लिहिलेली कॅसेट काढली. त्यात एका बाईंचं भजन आहे, काय आवाज आहे महाराज! ॲपला तीनदा ऐकवलं, हाती काही नाही. बाबांना विचारलं तर म्हणतात गाणं आवडलं होतं, नाव कशाला हवं?

भजन संपल्यावर बाबांचं बोट जरा उशिरा पडलंय. निवेदिका म्हणते, "अभी आप सुन रहे थे", आणि टक.