अंतिम निर्णयाच्या अधीन

माझ्या मुलीच्या बी.एड. प्रवेशाच्या कागदांत एक हमीपत्र होते आणि त्यावर बारीक अक्षरांत छापले होते की, सदर प्रवेश माननीय न्यायालयाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहील व त्याबाबत विद्यार्थ्यास कोणतीही तक्रार करता येणार नाही. मी विचारले तेव्हा खिडकीतले गृहस्थ म्हणाले, ‘‘ते सगळ्यांनाच असतं हो काका, सही करा.’’ महाविद्यालयाची मान्यता काढून घेण्याचा आदेश झाला आहे आणि संस्था केवळ त्या आदेशावरील स्थगितीच्या बळावर चालते आहे, हे आम्हाला शुल्काची पावती हातात पडल्यानंतर कळले, तेही दुसऱ्या एका पालकाकडून. दारावरच्या फलकावर मात्र ‘मान्यताप्राप्त’ हा शब्द ठळक लाल अक्षरांत आहे.

स्थगिती म्हणजे मान्यता नव्हे, एवढे कळायला वकील व्हावे लागत नाही. पण संस्थाचालक स्थगितीचा कागद काचेच्या चौकटीत लावल्यासारखा मिरवतात आणि दर वर्षी त्याच्यावर नवी तुकडी भरतात. सर्वांत जास्त चीड येते ती स्थगितीसाठी केलेल्या त्यांच्या याचिकेतल्या ‘विद्यार्थ्यांच्या हितासाठी’ या शब्दांची. बी.एड., डी.एड. संस्थांना मान्यता देते आणि काढते ती राष्ट्रीय शिक्षक शिक्षण परिषद; तिच्या १९९३ च्या कायद्याच्या कलम १७ मध्येच तरतूद आहे की, मान्यता काढल्याचा आदेश कळवल्यानंतर जे शैक्षणिक सत्र येईल, ते संपल्यावरच तो आदेश लागू होतो. म्हणजे शिकत असलेल्या मुलांचा विचार कायद्याने आधीच केलेला आहे. मग स्थगिती हवी असते ती कुणासाठी? पुढच्या वर्षीच्या शुल्कासाठी, दुसरे काय!

न्यायालयांना मी दोष देत नाही. कलम १७ प्रमाणेच संस्थेला म्हणणे मांडण्याची वाजवी संधी द्यावी लागते, कलम १८ खाली अपील करता येते, आणि कारणे न देता घाईघाईने काढलेला आदेश न्यायालयात टिकणार तरी कसा? तो रद्द होतो, प्रकरण फेरविचारासाठी परत जाते, पुन्हा नोटीस, पुन्हा याचिका, आणि तेवढ्यात दोन वर्षांचा अभ्यासक्रम संपून मुले बाहेरही पडतात. ज्यांनी मान्यता देतानाच डोळे उघडे ठेवायला हवे होते, त्यांच्या निष्काळजीपणाचे निस्तरणे न्यायाधीशांच्या गळ्यात पडते. वर्गखोल्या किती, ग्रंथालयात पुस्तके किती, हजेरीपटावरचे प्राध्यापक खरोखर शिकवतात की तपासणीच्या दिवसापुरते उसने आणलेले असतात, हे न्यायमूर्तींनी शोधायचे काय?

हे आजचे नाही. महाराष्ट्रातल्या विनामान्यता अध्यापक विद्यालयांतील विद्यार्थ्यांना परीक्षेला बसू देण्याचा उच्च न्यायालयाचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने १९९२ मध्येच रद्द केला होता. पुढे राज्य शासनाचा विरोध असताना आपल्याच राज्यातल्या २९१ डी.एड. संस्थांना मान्यता देण्याचा घाट घातला गेला, ते प्रकरण दिल्लीपर्यंत गेले, आणि सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये माजी सरन्यायाधीश जे. एस. वर्मा यांच्या अध्यक्षतेखाली शिक्षक शिक्षणाविषयी आयोग नेमला. त्याचा अहवाल २०१२ मध्ये आला, त्यानंतर परिषदेचे २०१४ चे नवे नियम आले, बी.एड. एका वर्षाचे दोन वर्षांचे झाले. म्हणजे आमच्या मुलांचे वर्ष आणि आमचा खर्च वाढला. खिडकीवरचे ‘‘सही करा’’ मात्र जागच्या जागी राहिले.

ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच, म्हणजे फिरते खंडपीठ, कोल्हापुरात, भाऊसिंगजी रस्त्यावर सुरू झाले आहे. त्यासाठी सहा जिल्ह्यांनी चाळीस वर्षांहून अधिक काळ मागणी लावून धरली, आंदोलने केली, आणि त्याचा मलाही अभिमान आहे. पण विद्यार्थ्याला अंधारात ठेवून प्रवेश देणाऱ्या संस्थेलाच मुंबईच्या प्रवासाचे भाडे न भरता तिथे उभे राहता येणार असेल, तर तिथल्या प्रत्येक अशा प्रकरणात प्रवेश घेतलेल्या मुलांना लेखी कळवल्याचा पुरावा आधी मागितला जावा, एवढी अपेक्षा करणे गैर आहे काय?

मान्यता काढल्याच्या त्या आदेशाची आणि स्थगितीची प्रत मिळावी म्हणून मी तीन वेळा लेखी अर्ज घेऊन महाविद्यालयात गेलो. पहिल्यांदा साहेब बैठकीला गेले होते, दुसऱ्यांदा फाईल वकिलांकडे होती, आणि काल तर शिपायाने अर्ज हातातही घेतला नाही; म्हणाला, ‘‘काका, पोरगीचं नाव सांगा, उगाच तिला त्रास नको.’’