सुरण, साय आणि सोलां

फ्रान्सच्या आग्नेय भागातल्या दोफिने प्रांतात बटाट्याच्या पातळ चकत्या दूध आणि सायीत बुडवून ओव्हनमध्ये तास-दीड तास भाजतात आणि या पदार्थाला ‘ग्रातां’ म्हणतात, हे ज्ञान मला निवृत्तीनंतर तिसऱ्याच महिन्यात झाले. त्याच रविवारी माझी बहीण आणि तिचे यजमान मडगावहून फोंड्याला आमच्याकडे जेवायला येणार होते. म्हणजे प्रयोगाला पात्रेही आयतीच मिळाली.

तेवढ्यावर थांबलो असतो तर निभावले असते. परंतु ‘बटाटा’ हा शब्द आपल्याकडे पोर्तुगिजांकडून आला, 1961 साली ते गेले तरी तो मात्र ठाण मांडून बसला आहे, तेव्हा आपण हा पदार्थ गावठी सुरणाचा करू, असे मी सकाळच्या चहाच्या वेळी जाहीर केले. त्यावर पत्नी शांतपणे म्हणाली, “अहो, मग मिरची, काजू आणि तुमच्या हातातला हा पावसुद्धा त्यांच्याबरोबर पाठवून द्या.” उत्तर न सुचल्यामुळे मी पिशवी घेऊन बाजारात गेलो.

हाताला खोबरेल तेल चोळून मी सुरणाच्या तीन-तीन मिलिमीटर जाडीच्या चकत्या कापायला बसलो. निदान माझा उद्देश तेवढ्या जाडीचा होता. प्रत्यक्षात काही चकत्यांतून पेपर वाचता आला असता आणि काहींवर मूल बसवता आले असते. एवढ्यात आई स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली. “सोलां घाल मरे,” एवढेच ती म्हणाली आणि निघून गेली. सुरणात कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे सूक्ष्म स्फटिक असतात, ते जिभेला आणि घशाला टोचतात, म्हणून आपल्याकडे सुरण चिंचेत किंवा सोलांत, म्हणजे आमसुलात, उकडल्याशिवाय पानात येत नाही, हे मलाही ठाऊक होते. पाहुण्यांचा घसा खाजला तर नाते खाजवत बसावे लागेल, या भीतीने मी चार सोलांच्या जागी आठ टाकली.

पुढचे सगळे मी पुस्तकी शिस्तीने केले. काचेच्या भांड्याला आतून लसूण चोळली, चकत्या कौलांसारख्या एकीवर एक रचल्या, वरून अर्धा लिटर दूध आणि पाव लिटर क्रीम ओतले आणि सावईवेऱ्याच्या एका बागेतून आणलेले जायफळ किसून घातले. (जायफळाच्या बाबतीत फ्रेंचांनी आपल्याकडे पाहुणे म्हणून यावे, असे माझे मत आहे.) किसलेले चीज पसरून भांडे 180 अंशांवर ओव्हनमध्ये सरकवले. वरून आच देण्याची युक्ती गोव्याला कोणी शिकवावी लागत नाही. बिबिंकेचा एकेक थर आपल्याकडे पिढ्यान् पिढ्या वरच्या विस्तवावरच भाजला जात आला आहे. त्यामुळे मी निश्चिंत मनाने आंघोळीला गेलो.

परत येऊन काचेतून डोकावलो, तेव्हा आतले दृश्य दाट आणि सायीचे नसून फिकट गुलाबी होते. त्या गुलाबी पाण्यात पांढऱ्या गुठळ्या बुडबुड्यांबरोबर वर येत होत्या आणि सुरणाच्या कडांना चिकटून बसत होत्या. चकत्या मी निथळल्या होत्या, पण धुतल्या नव्हत्या. त्यांच्या अंगात मुरलेल्या आठ सोलांच्या आंबटपणाने पाऊण लिटर ऐवजाचे पनीर करून टाकले होते. आंबट घालावे तर दूध फाटते आणि न घालावे तर घसा फाटतो, हा पेच दोफिनेच्या शेतकऱ्याला कधी पडला नाही, कारण त्याचा बटाटा खाजत नाही. आई पुन्हा दारात आली, काचेतून बराच वेळ पाहत राहिली आणि म्हणाली, “हें कितें रे, सोलकडी भाजल्या?”

तेवढ्यात लाइट गेली.

पाहुणे जेवायला बसले तेव्हा उरलेल्या अर्ध्या सुरणाची काप पत्नीने तिखट-मीठ लावून, रव्यात घोळवून गॅसवर तळली होती. बहिणीच्या यजमानांनी ती सहा खाल्ली आणि माझ्या भांड्यातून एक चमचा घेऊन, “पनीर ताजे आहे,” असे सौजन्याने म्हटले. आईने मात्र भांडे जवळ ओढले आणि कडेला करपून चिकटलेली तांबूस पापडी उलथन्याने खरवडून खाल्ली. ग्रातां हा शब्दच मुळी ‘खरवडणे’ या अर्थाच्या फ्रेंच क्रियापदावरून आला आहे, म्हणजे आपल्या भाषेत ती सरळ खरवडच झाली, असे मी सर्वांना सांगितले. “मग सकाळीं भात लावून ठेवपाचो आसलो,” आई म्हणाली.

रात्री भांडे घासताना माझ्या बोटांच्या बेचक्यांतून खाज सुटली, कारण खोबरेल मी तळव्यांनाच चोळले होते. चकत्या उकडलेले गुलाबी पाणी सुदैवाने पातेल्यात तसेच उरले होते. मी दोन्ही हात त्यात मनगटापर्यंत बुडवून मोरीपाशी बराच वेळ उभा राहिलो.